धयकालो, 52 मिनिटांत: संकलनाच्या नोंदी

3 जून 2025, मंगळवार

दिग्दर्शकाचा माणूस सकाळी कणकवलीला उतरला, दोन हार्ड डिस्क हातात ठेवल्या आणि चहासुद्धा न घेता परतीच्या गाडीला गेला. एक डिस्क कामाची, दुसरी तिची नक्कल. यंदा पाऊस मे महिन्यातच येऊन बसलाय, भिंतींना आत्ताच पाझर फुटलाय. नक्कल सिलिका जेलच्या पुड्या घालून घट्ट झाकणाच्या डब्यात बंद केली आणि देवघराच्या वरच्या फळीवर ठेवली. घरात तेवढी एकच जागा कोरडी आहे. वहिनी म्हणाली, आता रोज एक फूल तिलाही वाहायचं का?

ऐवज असा: दोन गावच्या दोन जत्रा, दोन रात्री दशावतार, म्हणजे आमचा धयकालो, रात्री बारा ते पहाटे साडेपाच, तीन कॅमेरे. झाले 33 तास. मुलाखती, गाव, पेटारे वाहणारी माणसं वगैरे 14 तास. एकूण 47. माहितीपट व्हायचाय 52 मिनिटांचा, म्हणजे चोपन्नास एक. हेच जर 35 मिलिमीटर फिल्मवर असतं तर? मिनिटाला 90 फूट धरले तर अडीच लाख फुटांच्या वर. आचऱ्याहून उलगडत नेली तर सावंतवाडीच्याही पुढे जाईल. त्या काळी कोणी एवढं शूट केलंच नसतं, निर्मात्याने कॅमेऱ्यावर हात ठेवला असता.

मदतीला भाचा आहे. बीएचं शेवटचं वर्ष, जत्रांचे आणि क्रिकेट स्पर्धांचे रील्स करतो, हात माझ्यापेक्षा जलद. आज त्याला फक्त फायलींना नावं द्यायला बसवलं: रात्र, कॅमेरा, क्रमांक. तासाभरात कंटाळला. सांगितलं, या धंद्यात पहिली दोन वर्षं एवढंच असतं.

6 जून

सिंक, म्हणजे सगळ्या कॅमेऱ्यांचं चित्र आणि आवाज जुळवणं. क्लॅप कोणी दिलेलीच नाही. मंदिरासमोर मध्यरात्री कोण पाटी आपटणार? पण झांज आहे. झांजेचा ठोका आवाजाच्या आलेखात खिळ्यासारखा उभा दिसतो. तीनही कॅमेऱ्यांत तोच खिळा शोधायचा आणि एकाखाली एक आणायचा. भाच्याने सॉफ्टवेअरला आपोआप करायला लावलं तर त्याने जनरेटरची घरघर सगळीकडे सारखीच धरून तिसरंच काही जुळवून ठेवलं. हाताने केलं.

वेगळ्या रेकॉर्डरवरचा आवाज बारा वाजता चपखल बसतो आणि पहाटेपर्यंत नऊ फ्रेम सरकलेला असतो. दोन यंत्रांची घड्याळं कधीच तंतोतंत एक नसतात. गाण्याला नऊ फ्रेम म्हणजे तोंड एकाचं, गळा दुसऱ्याचा. दर अर्ध्या तासाला नवी झांज शोधून आवाज पुन्हा बसवला.

तिसरा कॅमेरा रंगपटात, म्हणजे नट रंगतात त्या पडद्यामागच्या जागेत, लावलेला. तो फोटोचा कॅमेरा, 29 मिनिटं 59 सेकंदांनी आपोआप बंद पडतो. अर्धा तास चित्रण करणारं यंत्र युरोपात व्हिडिओ कॅमेरा ठरायचं आणि त्यावर जकात लागायची, म्हणून कंपन्यांनी एक सेकंद आधी कुलूप घातलं. तिकडची जकात, आणि भोक पडलं आमच्या जत्रेत. कॅमेरावाला चहाला गेला असेल तर भोक पाच-सहा मिनिटांचं.

11 जून

पहिली रात्र पूर्ण पाहिली. जलद न पळवता, साडेपाच तास, मध्ये फक्त जेवण. भाचा विचारतो, दुप्पट वेगाने बघितलं तर काय बिघडलं? बिघडतं असं की दुप्पट वेगात माणूस गप्प बसलेला दिसत नाही.

हे मला 1994 साली अंधेरीतल्या एका गल्लीत शिकायला मिळालं. तेव्हा कोकण रेल्वे पूर्ण व्हायची होती, रात्रभर एसटीत उलट्या करत मुंबईला गेले. आठशे रुपये पगार, तोही तिसऱ्या महिन्यात. ज्यांच्या हाताखाली होते ते संकलक फिल्मवर वाढलेले. हातात पांढरे सुती मोजे, कानामागे मेणाची पेन्सिल, बोलणं कमी. मला यंत्राला वर्षभर हात लावू दिला नाही. फक्त लॉग लिहायचा: टेप क्रमांक, टाइमकोड, शॉटमध्ये काय, कोणी पापणी हलवली. ते मागे वळून न बघता म्हणायचे, "तिने पाणी प्यायलं तो शॉट." आणि मी आकडा सांगायचा. चुकले तर तसेच गप्प बसून राहायचे. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

बाईने रात्री एडिटला बसणं तेव्हा घरच्यांना पटेना. आईला सांगायचे की आपल्याकडे पहिल्यापासून आहे हे: फाळक्यांच्या घरी कच्च्या फिल्मला भोकं पाडण्याचं काम त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करायच्या. आई म्हणायची, पण त्या स्वतःच्या घरात बसून करायच्या ना? त्यावर माझ्याकडे उत्तर नसे. नंतर नाव सांगायला रेणू सलूजा होत्या. चार राष्ट्रीय पुरस्कार संकलनाचे. 2000 साली त्या गेल्या तेव्हा आमच्या गल्लीतल्या दोन-तीन खोल्यांत त्या दिवशी कोणी यंत्र चालू केलं नाही.

19 जून

लाइट नाही. काल दुपारी गेली ती गेलीच. इन्व्हर्टर देवाच्या दिव्यापुरता उरलाय. खळ्यात पाणी, माडाचा एक झाप कौलांवर आडवा.

काम नाही म्हणून भाच्याला लिनियर एडिट म्हणजे काय ते सांगितलं. एका यंत्रात शूटची टेप, दुसऱ्यात कोरी. पहिला शॉट उतरवा, दुसरा उतरवा, अशी वीट रचत जा. विसाव्या मिनिटाला पोचलात आणि दिग्दर्शक म्हणाला, तिसऱ्या मिनिटातला तो शॉट जरा लहान करा, की तिथपासून पुढचं सगळं पुन्हा उतरवायचं, नाहीतर तयार टेपचीच नक्कल काढायची. नक्कल काढली की चित्र एक पिढी फिकं. म्हणून आधी डोक्यात कापायचो, मग हाताने.

तो म्हणाला, "आत्ये, म्हणजे अनडू नव्हताच?"

नव्हता. पुढे कॉम्प्युटर आले. ॲव्हिड हे संकलनाचं सॉफ्टवेअर 1989 सालचं, पण आमच्या गल्लीत पोचायला सात-आठ वर्षं गेली. 1999 नंतर मराठीत खासगी वाहिन्या आल्या आणि एकाएकी कामच काम. ज्याला माऊस धरता येतो तो संकलक. माझ्या साहेबांनी पन्नाशीत कॉम्प्युटर शिकायचा प्रयत्न केला, पंधरा दिवस आले, मग आले नाहीत. त्यांची खुर्ची मला मिळाली. हे मी अभिमानाने लिहीत नाही.

28 जून

मुलाखतींचा मजकूर आपोआप उतरवणारं सॉफ्टवेअर लावून पाहिलं. पुणेरी निवेदन नीट उतरवतं. मालवणी आली की त्याची गाळण उडते. "माका काय म्हायत" चं "मका काय महाग" झालं. "धयकालो" चं दरवेळी वेगळं काहीतरी. एका म्हाताऱ्या स्त्रीपार्टी नटाची पाऊण तासाची मुलाखत, त्यातून शहाणं असं एकच वाक्य निघालं, "बाजारभाव वाढले आहेत", जे तो बोललाच नव्हता. दोघं बसून हाताने लिहितोय. यातून एक फायदा: त्याचे सगळे थांबे आता मला पाठ आहेत.

भाच्याने मध्येच विचारलं, पुण्याच्या फिल्म संस्थेत जाऊ का? संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, आधी पदवी लागते, प्रवेश परीक्षा असते, जागा मोजक्या. 1960 साली प्रभातच्या जुन्या आवारात सुरू झालेली संस्था, तिथे शिकलेल्यांबरोबर मी काम केलंय. त्यांना एका कटासाठी चार कारणं सांगता येतात. मला एकच सांगता येतं, की खुपत होतं. पण पहाटे चारला एपिसोड पाठवायचा असतो तेव्हा दोघांचे हात सारखेच चालतात. त्याला म्हटलं, अर्ज तर भर. आणखी काय सांगणार?

6 जुलै, आषाढी एकादशी

उपास, त्यामुळे दिवसभर चिडचिड. पहिली जुळणी झाली: 3 तास 40 मिनिटं.

आज वेगळीच अडचण. राजाचं काम करणारा नट पहिल्या रात्री पेटीच्या पांढरी चार पट्टीत गायला. दुसऱ्या रात्री घसा बसलेला, काळी दोनवर आला. एक अख्खा स्वर खाली. त्यामुळे एका रात्रीच्या पदाला दुसऱ्या रात्रीचं शेवटचं कडवं जोडता येत नाही. नुसत्या संवादातही पेटीवाला मागे सूर धरून बसलेला असतो, वाक्य कापलं की सूर तुटतो. भाचा म्हणाला, सॉफ्टवेअरने वर चढवू. चढवलं. सूर जुळला, माणूस बदलला. लहानपणी टीव्हीवर पाहिलेले जुने सिनेमे असेच होते: सेकंदाला 24 फ्रेमचा सिनेमा टीव्हीसाठी 25 ने पळवायचे, सगळे नट चार टक्के घाईत आणि किंचित चढ्या आवाजात. आम्हाला तेच त्यांचे खरे आवाज वाटायचे.

ठरवलं: दोन रात्री मिसळायच्या नाहीत. मुख्य रात्र दुसरी, बसलेल्या घशाची. पहिली रात्र फक्त पूर्वरंगापुरती, म्हणजे आख्यानाआधीच्या भागापुरती, त्यातला राक्षस संकासूर तिथे जास्त मोकळा सुटलाय.

14 जुलै

आज जे सापडलं ते सविस्तर लिहून ठेवते.

दुसरी रात्र, तीन वाजून दहा मिनिटं. राजा बाकड्यावर बसून प्रधानाशी बोलतोय. हा प्रवेश दोन मिनिटांचा असायला हवा. राज्यात सगळं क्षेम आहे ना, आहे, मग राक्षस येतो. दशावताराला लिहिलेले संवाद नसतात, आख्यान ठरलेलं, बोलणं ज्याचं त्याने रचायचं. इथे राजा अकरा मिनिटं बोलतो. प्रजेची चौकशी करता करता रस्त्यावरच्या खड्ड्यांवर जातो, तिथून बांगड्याच्या दरावर, तिथून मुंबईच्या चाकरमान्यांवर. प्रधान नुसता "होय महाराज" म्हणतो. लॉग लिहिताना मी समोर लाल खूण केली होती: पाल्हाळ, कापणे.

भाचा आज तिसऱ्या कॅमेऱ्याची तीच वेळ खाली लावत होता. म्हणाला, "आत्ये, हय बघ."

रंगपटात राक्षसाच्या मुकुटाचा पट्टा तुटलाय. एक जण मोबाइलचा उजेड धरून, दुसरा तोंडात काथ्याची दोरी धरून बांधतोय. राक्षस मान वाकवून उकिडवा, अंगावर पूर्ण वेश, चेहऱ्यावर रंग आणि घाम. बाहेरून राजाचा आवाज स्पष्ट येतोय. बांगड्याच्या दरावर लोक हसले तेव्हा राक्षसही हसला आणि मुकुट पुन्हा सुटला.

मग दोन्ही कॅमेरे शेजारी लावून सगळं पुन्हा पाहिलं. राजा दर थोड्या वेळाने झांजवाल्याकडे बघतो. झांजवाल्याला पडद्याच्या फटीतून आतलं दिसतं. तो मान किंचित हलवतो, अजून नाही. राजा नवा विषय काढतो. चाकरमान्यांवर आला तेव्हा त्याच्याजवळचं संपत आलेलं दिसतं, एक वाक्य दोनदा बोलतो. तेवढ्यात पडदा हलतो, पखवाजावर एकच थाप पडते आणि राजा अर्धं वाक्य सोडून उठतो: "प्रधानजी, हे आकाश का बरे काळवंडले?"

अकरा मिनिटांत एकही प्रेक्षक उठलेला नाही. पहिल्या कॅमेऱ्यात मोजलं.

15 जुलै

रात्री झोप नाही.

साधारण 2004 ते 2020 मी दैनंदिन मालिका कापल्या. भागाची लांबी 22 मिनिटं, आठवड्याला सहा. तीन हजारांच्या वर झाले असतील, मोजणं सोडून दिलं होतं. त्यातलं निम्मं काम कापण्याचं नव्हतंच, भरण्याचं होतं. मुख्य नटी तापाने पडली, दृश्यं आलीत 17 मिनिटांची, रात्री साडेसातला प्रक्षेपण. मग सासूचा चेहरा, सुनेचा चेहरा, नणंदेचा चेहरा, पुन्हा सासूचा, प्रत्येकावर तो झुईं आवाज. मागच्या आठवड्यातली आठवण काळ्या-पांढऱ्या रंगात. कोणीतरी जिना चढतंय, संपूर्ण जिना. त्यावर लोक विनोद करायचे, घरचेसुद्धा. गावाला आले की चुलते विचारायचे, "काय गो, ती बाय जिनो चढान झाली काय नाय?" मी हसायचे. लाजही वाटायची.

राजाने तेच केलंय. फरक एवढाच की मी बंद खोलीत, माणूस नसलेल्या चेहऱ्यांनी वेळ काढत होते, आणि तो समोर बसलेल्या गावाकडे बघत काढत होता. कोण जांभई देतंय हे त्याला दिसत होतं. मला गुरुवारी टीआरपीचे आकडे दिसायचे.

लाल खूण पुसली. हा प्रवेश फिल्मच्या मध्यावर येईल, राजा आणि रंगपट आलटून पालटून.

17 जुलै

अडचण: तिसऱ्या कॅमेऱ्याचं भोक नेमकं इथेच. मुकुट दुसऱ्यांदा सुटल्यावर कॅमेरा बंद पडला, पुन्हा चालू झाला तेव्हा चार मिनिटं गेलेली आणि मुकुट डोक्यावर. बांधणी पूर्ण होताना दिसतच नाही. पहिल्या रात्रीचा मुकुट बांधतानाचा छान शॉट आहे, कोणाला कळलंही नसतं. भाचा म्हणाला लावूया. पण त्या रात्री पट्टा तुटलेला नव्हता, तो माणूस निवांत गाणं गुणगुणत बांधतोय. लावला, पाहिला, काढला.

भोक आहे तिथे राजावरच थांबले. रंगपटात मुकुट पडतो, आणि पुढची दीड मिनिटं आपणही बाहेर, गावाबरोबर, आत काय चाललंय ते न कळता. फक्त झांजवाल्याची मान. हे जास्त चांगलं झालं, मान्य करायला हवं. अकरा मिनिटांचा प्रवेश साडेपाच मिनिटांवर आला.

24 जुलै, दीप अमावस्या

दिग्दर्शकाशी फोनवर दीड तास. त्याला पहिल्या वीस सेकंदांत राक्षस हवा, धूर हवा, "नाहीतर लोक पुढे सरकवतात". मला सुरुवात पेटारे उतरवण्याने हवी: डोक्यावरून आलेला पेटारा, त्याला केलेला नमस्कार, मग झाकण. शब्दाला शब्द वाढला. मी म्हटलं, सोळा वर्षं हेच केलंय, आता नको. तो म्हणाला, ताई, तुमची सोळा वर्षं माझ्या फिल्मवर काढू नका.

फोन ठेवल्यावर राग आला. संध्याकाळी दिवे लावून झाल्यावर वाटलं, तो पूर्ण चूक नाही.

2 ऑगस्ट

बंदी संपली. काल होड्या समुद्रात गेल्या, आज घरात दोन महिन्यांनी ताजं मासळीचं सार. श्रावण पाळणारे बाहेरच्या पडवीत जेवले, आम्ही आत.

रंगरंगोटीचा शॉट मी अखंड 4 मिनिटं 10 सेकंद ठेवला होता. पुरुष आरशासमोर बसतो आणि हळूहळू राणी होतो, एकही कट नाही. माझा लाडका. भाच्याला पूर्ण फिल्म दाखवली, तर त्या शॉटमध्ये तो झोपला. सार जास्त झालं असेल म्हणून पुन्हा, संध्याकाळी, वहिनीला दाखवला. तिने फोन उचलून बघितला. 1 मिनिट 50 वर आणला: काजळ, कुंकू, आणि शेवटी तो पदर सारखा करून कोणाला तरी पुरुषी आवाजात "चाय हाड रे" म्हणतो तिथे कट. आता वहिनी हसते. चार मिनिटांत हे वाक्य बुडालं होतं. दिग्दर्शकाने तीन आठवड्यांपूर्वी हेच सांगितलेलं, तेव्हा ऐकलं नाही.

सुरुवातीचं त्याला कळवलं: पेटाराच, पण 25 सेकंद, आणि झाकण उघडताना आतून थेट राक्षसाची आरोळी. आधी आवाज, मग चित्र. तो "ओके" म्हणाला, म्हणजे खूश आहे.

8 ऑगस्ट, नारळी पौर्णिमा

पेटीवाले काका नारळ सोडायला किनाऱ्यावर आले होते, तिथून घरी आणलं. पूर्ण बघितलं, हात मांडीवर, बोटं चालू. संपल्यावर स्वतःबद्दल एकच बोलले: "हय मी चुकलंय. ह्या काढ."

राणीच्या पदात एक चुकीचा सूर. मी तो मुद्दाम ठेवला होता, कारण त्या क्षणी राणी गाता गाता त्यांच्याकडे बघते आणि दोघांच्या तोंडावर काहीतरी येतं. समजावून पाहिलं. म्हणाले, तुका तोंड दिसता, पण माझे सगळे पावणे पेटी ऐकतले. शेवटी तडजोड: चित्र तेच, सूर त्याच पदाच्या पुढच्या आवर्तनातून उचलून बसवला. आता राणी विनाकारण त्यांच्याकडे बघते. बघू दे. त्यांची पेटी आहे.

18 ऑगस्ट

लॉक, आता कटाला हात लावायचा नाही. 51 मिनिटं 52 सेकंद. आवाजाचं मिश्रण आणि रंग मुंबईत होतील. फायली, टाइमलाइन, फॉन्टसुद्धा एका फोल्डरमध्ये. भाच्याने सगळ्यांना नावं दिली, न सांगता: रात्र, कॅमेरा, क्रमांक. त्याचा पुण्याचा अर्ज अजून अर्धाच भरलेला आहे, उद्देश काय या रकान्यापाशी अडलाय.

22 ऑगस्ट

डिस्क कुरिअरने पाठवायचा जीव झाला नाही. चुलतभावाचा मुलगा आज रात्री मुंबईला जातोय, त्याच्या पिशवीत, कपड्यांच्या मध्ये. कणकवली स्टेशनवर सोडायला गेले. गणपती पाच दिवसांवर. मुंबईहून येणाऱ्या गाडीतून माणसं दारांतून लोंबत उतरत होती, मखरं, पेट्या, पोरं, कोणाच्या हातात नुसता पंखा. मुंबईकडे जाणाऱ्या डब्यात मात्र तो जवळपास एकटाच. खिडकीशी बसला, पिशवी मांडीवर घेऊन. त्याला दोनदा सांगितलं, वर ठेवू नकोस.

देवघरावरची नक्कल तशीच आहे. गणपतीच्या आरासीसाठी वहिनीला ती फळी हवीय, उद्या दुसरी कोरडी जागा शोधायची.